ॲस्टर, अज्ञान आणि फॅक्टर ऑफ सेफ्टी

आमच्या ब्रँचबद्दल कॉलेजात दोन समज पक्के आहेत. एक, सिव्हिलवाल्यांना सिमेंट आणि वाळू सोडून जगात काही दिसत नाही. दोन, सिव्हिलवाल्यांना मराठी विभागासाठी लेख मागितला की ते हमखास गड-किल्ल्यांच्या ट्रेकवर लिहितात. यंदा दोन्ही समज मोडायचं ठरवलंय. मी लिहिणार आहे एका फुलावर. तेही असं फूल, जे मी पाहिलेलं नाही, आणि खरं सांगायचं तर बहुधा कधी पाहणारही नाही.

न पाहिलेल्या फुलांचं आम्हा कॉन्व्हेंटवाल्यांना नवल नाही म्हणा! सातवी-आठवीत आम्ही डॅफोडिलवर कविता पाठ केली, पेटल्स-सेपल्सच्या आकृत्या काढल्या, ट्यूलिप आणि डेझीची स्पेलिंगं घोकली. यातलं एकही फूल आमच्या गल्लीत उगवत नव्हतं. आणि शाळेच्या कुंपणापलीकडे दर श्रावणात गुलाबी फुलांचा नुसता गालिचा पसरायचा, त्याला आम्ही 'ते पिंकवालं' म्हणायचो. त्याला तेरडा म्हणतात हे मला कळलं बारावीनंतर, तेही आजीकडून. म्हणजे नाव माहीत पण फूल नाही, आणि फूल माहीत पण नाव नाही, असा आमचा सगळा कारभार. हे इथे सांगायचं कारण असं की पुढची सगळी गोष्ट नावाचीच आहे.

झालं असं. पर्यावरणाच्या विषयात आम्हाला सेमिनार होता. सरांनी सांगितलं, 'बांधलेल्या धरणांवर सगळेच बोलतात. तुम्ही न बांधलेल्या एखाद्या प्रकल्पावर बोला.' मी निवडलं कॅनडातलं व्हर्जिनिया फॉल्स. कारण साधं होतं. धबधब्याची उंची ९० मीटरांहून जास्त, म्हणजे नायगाराच्या जवळजवळ दुप्पट, आणि आमच्यासारख्यांना असा धबधबा दिसला की आधी त्याचा 'हेड' दिसतो. सौंदर्य नंतर. म्हटलं, एक-दोन फॉर्म्युले, एक नकाशा, चार फोटो... दहा मिनिटं सहज निघतील.

जागा मात्र अशी की नकाशावर बोट ठेवतानाही थंडी वाजावी. कॅनडाचा वायव्येकडचा नॉर्थवेस्ट टेरिटरीज नावाचा प्रदेश, त्यातल्या मॅकेन्झी पर्वतांमधून वाहणारी साउथ नहानी नदी. अक्षांश साधारण ६१ ते ६२ उत्तर. हिवाळ्यात पारा उणे तीस-चाळीसपर्यंत उतरतो. आत जायला रस्ता नाही. पाण्यावर उतरणारं छोटं विमान किंवा कनू नावाची होडी, एवढेच पर्याय. हा प्रदेश डेने लोकांचा. ते इथे शेकडो पिढ्यांपासून आहेत, आणि त्या धबधब्याला त्यांचं स्वतःचं नाव आहे. 'व्हर्जिनिया' हे नंतर आलेलं.

१९६०च्या दशकात या धबधब्यावर जलविद्युत प्रकल्प करायचा विचार सुरू होता. मग १९७० मध्ये कॅनडाचे तेव्हाचे पंतप्रधान पिएर ट्रूडो स्वतः या नदीवर गेले. १९७२ मध्ये सरकारने नदीकाठची सुमारे ४,७०० चौरस किलोमीटर जमीन राष्ट्रीय उद्यानासाठी राखून ठेवली, आणि वीज प्रकल्प मागे पडला. १९७८ मध्ये युनेस्कोने जागतिक वारशाची पहिलीवहिली यादी काढली, तिच्यात अवघी बारा ठिकाणं होती, आणि त्यातलं एक हे नहानी. २००९ मध्ये उद्यान वाढवून सुमारे ३०,००० चौरस किलोमीटर केलं गेलं. आपल्या हिशेबात सांगायचं तर महाराष्ट्राचा जवळजवळ दहावा भाग.

एवढं लिहून माझा सेमिनार संपायला हरकत नव्हती. पण माहिती चाळताना एका ओळीत एक नाव दिसलं, नहानी ॲस्टर. 'जगात फक्त याच उद्यानात सापडणारं फूल.' म्हटलं, ॲस्टर? आपल्या मार्केट यार्डात गणपती-दसऱ्याला ढिगाने मिळतो, हारात झेंडूच्या शेजारी जांभळा-पांढरा ओवतात, तोच का हा?

तो हा नव्हे. आपल्याकडचा हारातला ॲस्टर मूळचा चीनकडचा, शेतात लावलेला. नहानीचा ॲस्टर त्याचा दूरचा नातेवाईक, कुटुंब एकच, ज्यात सूर्यफूल आणि शेवंतीही येतात. या कुटुंबाची एक गंमत आहे. आपण ज्याला एक फूल म्हणतो, ती खरं तर इवल्या इवल्या फुलांची वसाहत असते. मधलं पिवळं चक्र म्हणजे नळीसारखी बारीक फुलं, आणि कडेची प्रत्येक 'पाकळी' हेही एक स्वतंत्र फूल. थोडक्यात, आमचं होस्टेल! नहानीचा ॲस्टर दिसायला अगदी साधा. गुडघ्यालाही न लागणारं झुडूपवजा रोप, दर हिवाळ्यात वरून मरतं आणि मुळांतून पुन्हा येतं. छोट्याशा उन्हाळ्यात पांढरी ते फिकट गुलाबी-जांभळट फुलं. कोणी पुष्पगुच्छात घालावं असं त्यात काही नाही.

पण ते उगवतं कुठे, ते बघा. इतक्या मोठ्या उद्यानात ते राहतं फक्त मोजक्या गरम-कोमट झऱ्यांच्या काठांवर. त्यातलं सर्वांत प्रसिद्ध ठिकाण म्हणजे रॅबिटकेटल. गरम म्हटल्यावर आपल्याला वज्रेश्वरीची कुंडं आठवतात. रॅबिटकेटलचं पाणी तसं वाफाळणारं नाही. ते साधारण २० अंशांचं, म्हणजे आपल्या पुण्यातल्या डिसेंबरच्या नळाच्या पाण्यासारखं. पण बाहेर उणे चाळीस असताना वीस अंश म्हणजे काय चैन आहे, याचा विचार करा.

आणि या पाण्याने तिथे जे बांधलंय, ते बघून सिव्हिलवाल्याने हात जोडावेत. जमिनीत खोल गेलेलं पाणी तापतं, वाटेत कार्बन डायऑक्साइडच्या मदतीने चुनखडी विरघळवतं आणि वर येतं. वर आल्यावर दाब कमी होतो, वायू उडून जातो, आणि पाण्याला पेलवेनासा झालेला चुना थरावर थर बसत जातो. या दगडाला टुफा म्हणतात. रॅबिटकेटलला त्याचा सुमारे २७ मीटर उंच ढिगारा झालाय, नऊ मजली इमारतीएवढा. अंगावर छोट्या छोट्या कुंडांच्या पायऱ्या, प्रत्येक कुंडाला नाजूक काठ. शटरिंग नाही, क्युरिंग नाही, कॉन्ट्रॅक्टर नाही. वेळ मात्र लागला, सुमारे दहा हजार वर्षं!

हा दगड इतका ठिसूळ आहे की बुटाने काठ तुटतात. म्हणून तिथे एकट्यादुकट्याने फिरता येत नाही. उद्यानाच्या माणसाबरोबरच जायचं, आणि ढिगाऱ्यावर चढताना बूट काढून अनवाणी. हे वाचलं आणि मला एकदम बरं वाटलं. चप्पल बाहेर काढून आत जायचं, ही गोष्ट आपल्याला कोणी समजावून सांगायला लागत नाही.

आता नावाकडे येते. या रोपाला शास्त्रीय नाव दिलं विल्यम कोडी नावाच्या कॅनडाच्या वनस्पतिशास्त्रज्ञांनी. उत्तरेकडच्या वनस्पतींच्या अभ्यासात त्यांचं आयुष्य गेलं. युकॉन प्रदेशातल्या वनस्पतींवरचा त्यांचा जाडजूड ग्रंथ १९९६ मध्ये आला. त्यांनी नाव ठेवलं 'ॲस्टर नहानिएन्सिस'. पुढे १९९०च्या दशकात अभ्यासकांच्या लक्षात आलं की अमेरिका खंडातले ॲस्टर आणि युरोप-आशियातले ॲस्टर हे मुळात वेगळ्या घराण्यांतले आहेत. मग अमेरिकेकडच्या बहुतेकांची नावं बदलली, आणि २००२ मध्ये आमच्या या फुलाचं बारसं पुन्हा झालं, 'सिम्फियोट्रायकम नहानिएन्से'. वायवामध्ये हे नाव न अडखळता म्हणून दाखवणाऱ्याला माझ्यातर्फे कटिंग चहा.

पण मी अडखळले ती दुसऱ्याच आकड्यावर. कोडींनी पहिलं नाव दिलं ते वर्ष १९७४.

उद्यानासाठी जमीन राखली १९७२ मध्ये. फुलाला नाव मिळालं १९७४ मध्ये. आधी संरक्षण, मग नाव! म्हणजे ज्या काळात 'धबधबा की वीज' असा विचार चालला होता, त्या काळात शास्त्राच्या वहीत हे फूलच नव्हतं. डेने लोकांच्या डोळ्यांसमोर ते उन्हाळ्यामागून उन्हाळे फुललं असणार, पण कुठल्याही कागदावर, कुठल्याही तक्त्यात त्याची ओळ नव्हती. कोणी कितीही प्रामाणिकपणे नफा-तोट्याचा ताळेबंद मांडला असता, तरी या फुलाच्या रकान्यात शून्यसुद्धा आलं नसतं. कारण रकानाच नव्हता.

धरण झालं असतं तर हे फूल गेलंच असतं, असं मी म्हणत नाही. रॅबिटकेटल धबधब्याच्या बरंच वरच्या अंगाला आहे. माझा मुद्दा वेगळा आहे. ती जमीन राखणाऱ्यांनी ती राखली नदीसाठी, दऱ्यांसाठी, धबधब्यासाठी. फूल त्यात आपोआप आलं. त्यांनी यादीतल्या गोष्टी वाचवल्या, आणि यादीबाहेरची एक गोष्ट पदरात पडली.

हे वाचून मला आमचे डिझाइनचे सर आठवले. ते वर्गात नेहमी विचारतात, 'फॅक्टर ऑफ सेफ्टी कशाचा असतो?' कोणी म्हणतं लोडचा, कोणी म्हणतं मटेरियलचा. सर म्हणतात, 'अज्ञानाचा.' आपल्या आयएस ४५६ मध्ये लोखंडाला गुणक १.१५ आहे आणि काँक्रीटला १.५. का? कारण लोखंड कारखान्यात तयार होतं, त्याची बऱ्यापैकी खात्री असते. काँक्रीट साइटवर होतं, तिथे पाणी कोणी किती ओतलं देव जाणे. आणि पायाखालच्या मातीची वेळ आली की आपण थेट २.५ ते ३ धरतो. जेवढं कमी माहीत, तेवढा गुणक मोठा. आपलं आख्खं शास्त्र या नम्रतेवर उभं आहे, आणि आपण ते नुसतं पाठ करून पेपरात लिहितो!

मग माझ्या डोक्यात आलं, जमिनीच्या आत काय आहे याच्या अज्ञानाला आपण तीनने गुणतो, पण जमिनीच्या वर काय आहे याच्या अज्ञानाला? तिथे आपला गुणक किती? बहुतेक वेळा एकच. जे यादीत आहे तेवढंच आहे, असं धरून आपण पुढे जातो. नहानीत मात्र, धबधब्याभोवती चार एकर राखण्याऐवजी नदीकाठचा भलामोठा पट्टा राखला गेला. मला तो फॅक्टर ऑफ सेफ्टीच वाटतो.

सेमिनारची तयारी मी घरी बाबांसमोर करत होते. माझे बाबा रस्त्यांची कामं घेतात. माझी फी, हा लॅपटॉप, आमच्या घरातला भात, सगळं खडी आणि डांबरातून आलेलं आहे. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, 'छान आहे. पण तिकडे माणसं किती राहतात? आणि आपल्याकडे किती?' मग त्यांनी गावची गोष्ट सांगितली. घाटाखालच्या आमच्या गावाला रस्ता नव्हता तेव्हा बाबांच्या आत्याला बाळंतपणात डोलीतून वर आणत होते. पाऊस होता. ती वर पोचली नाही. 'तुझ्या फुलाला नाव नव्हतं म्हणतेस,' बाबा म्हणाले, 'तिच्या बाळालाही नव्हतं.'

मी गप्प बसले. यावर सेमिनारच्या स्लाइडमध्ये बसेल असं उत्तर नसतं. फुलासाठी रस्ता अडवा, असं मी बाबांना सांगू शकत नाही, आणि सांगणारही नाही. आत्याआजीचा रस्ता व्हायलाच हवा होता, वीस वर्षं आधी व्हायला हवा होता.

थोड्या वेळाने मी विचारलं, 'बाबा, त्या घाटात तुम्हाला अलाइनमेंट सरकवावी लागली होती ना कधी?' म्हणाले, 'कितीदा! खालून पोकळ लागलं की सरकवायची. दोनशे मीटर इकडे, तिकडे. त्यासाठी तर आधी बोअर घ्यायचे.' मी म्हटलं, 'मग वरचं बघायलाही कोणीतरी बोअर घ्यायला हवेत.' ते हसले. 'घ्या की. पण मग ते घाईत घेऊ नका. आणि का सरकवलं ते कागदावर नीट लिहा, नाहीतर पुढचा इंजिनिअर पुन्हा सरळ करेल.'

बाबांच्या 'घाईत घेऊ नका' या शब्दांत बरंच काही आहे. आपल्याकडे प्रकल्पाच्या पर्यावरण अहवालासाठी पायाभूत माहिती अनेकदा एकाच ऋतूत गोळा केली जाते, आणि तो ऋतू पावसाळा सोडून असतो. आता कोकणातले सडे किंवा साताऱ्याजवळचं कास पठार डोळ्यांसमोर आणा. मे महिन्यात तिथे काय दिसतं? काळा कातळ आणि वाळलेलं गवत. फॉर्ममध्ये लिहिणार, 'ओसाड जमीन.' आणि ऑगस्टमध्ये? पाय ठेवायला जागा नाही इतकी फुलं, त्यातली कित्येक जगात दुसरीकडे नाहीत. मे महिन्यात लिहिणारा माणूस खोटं लिहीत नसतो. त्याने जे पाहिलं तेच लिहिलेलं असतं. फक्त त्याच्या अज्ञानाला कोणी गुणलेलं नसतं.

नहानीच्या ॲस्टरची गोष्ट नाव मिळाल्यावर संपली असं मात्र नाही. २०१४ मध्ये कॅनडाच्या, धोक्यातल्या जीवांचा दर्जा ठरवणाऱ्या समितीने त्याला 'विशेष चिंतेच्या' वर्गात घातलं. माझ्या मैत्रिणीने लगेच विचारलं, 'अगं, उद्यानात सुरक्षित आहे, रस्तासुद्धा नाही, मग चिंता कसली?' उत्तर पुन्हा आपल्याच अभ्यासात आहे. समजा एका झऱ्याकाठी हजारो रोपं आहेत. हजार म्हणजे भरपूर वाटतात. पण हजार दिवे एकाच फ्यूजवर असतील तर ते हजार नाहीत, ते एकच आहेत. दरड कोसळली, झऱ्याने वाट बदलली, की सगळी एकदम. उत्तरेकडे जमीन वर्षानुवर्षं गोठलेली असते. हवामान तापतंय तशी ती जागोजागी वितळते आणि उतार घसरतात. याला उद्यानाचं कुंपण काही करू शकत नाही. तो धूर तुमच्या-माझ्या बाइकपासून सगळीकडचा आहे.

'पण त्या फुलाचा उपयोग काय?' हा प्रश्न सेमिनारनंतर आलाच. मागच्या बाकावरून. मी म्हटलं, मला माहीत नाही. औषध निघेल, अमुक निघेल असं सांगता आलं असतं, पण ते खोटं झालं असतं. एवढंच माहीत आहे की अर्ध्याहून जास्त वर्ष गोठलेल्या मुलखात, कोमट पाण्याच्या काठाने, एका रोपाने जगण्याची एक रीत बसवली आहे आणि ती दुसरीकडे कुठे सापडलेली नाही. ते डिझाइन पुन्हा मिळणार नाही, त्याचं ड्रॉइंग कोणाकडे नाही. सरांनी मार्क चांगले दिले. मागच्या बाकाचं समाधान झालं की नाही, कोण जाणे.

दोन वर्षांत आपल्यापैकी बरेच जण साइटवर असू. कोणी रस्ता आखेल, कोणी पूल, कोणी अहवालावर सही करेल. त्या अहवालात झाडा-फुलांची यादी नावाचं एक पान असतं, जे भरायचा सगळ्यांना कंटाळा येतो. ते पान कधी माझ्यासमोर आलं तर मी दोन गोष्टी करणार आहे. एक, पावसाळ्यात एकदा तिथे जाऊन येणार. आणि दुसरं, यादीच्या शेवटी एक ओळ रिकामी ठेवून तिला अनुक्रमांक देणार. साहेबांनी विचारलं तर सांगेन, बाबांच्या शब्दांत, 'का सोडली ते कागदावर लिहिलंय.'